पुस्तकातून पडद्याकडे: रॉयटरची वाट की ओकेसनची?

मुलांसाठी लिहिणाऱ्याला पटकथाही खुणावू लागली की निर्णय घ्यावा लागतो. आपल्याच पुस्तकांचं बोट धरून सिनेमात जायचं, की पटकथा रीतसर शिकून तिथे वेगळं काम उभं करायचं? डेन्मार्कच्या ब्यार्ने रॉयटर आणि किम फुप्स ओकेसन या दोन बालसाहित्यिकांकडे बघून हा प्रश्न पुष्कळ सोपा होतो.

रॉयटर यांचा जन्म १९५० चा, कोपनहेगनच्या ब्रन्सहॉय उपनगरातला. पेशाने शिक्षक. स्वतःचं उपनगर आणि तिथली मुलं हेच त्यांचं भांडवल. १९७७ ची त्यांची कादंबरी ‘झापा’ दिग्दर्शक बिले ऑगस्ट यांनी १९८३ मध्ये पडद्यावर आणली आणि पटकथा दोघांनी मिळून लिहिली. पुढच्याच वर्षी तिचा पुढचा भाग पडद्यावर आला, रॉयटर यांच्याच पुस्तकावरचा ‘बुस्टरचं जग’ही आला. बुस्टर म्हणजे जादूचे प्रयोग करणारा, लंगडणाऱ्या बहिणीची बाजू घेणारा मुलगा. या पुस्तकाच्या इंग्रजी अनुवादाला १९९० मध्ये अमेरिकेतला, अनुवादित बालपुस्तकांसाठीचा बॅचेल्डर पुरस्कार मिळाला.

या वाटेचा मोठा फायदा असा की पात्रं तुमचीच राहतात. पण पुस्तकावर जीव जडलेला दिग्दर्शक भेटावा लागतो आणि त्यामागे पैसा उभा राहावा लागतो. डेन्मार्कात सरकारी चित्रपट-अनुदानाचा पाव हिस्सा मुलांच्या आणि किशोरांच्या चित्रपटांसाठी राखलेला असतो. अशी सोय नसलेल्या ठिकाणी केवळ रॉयटर यांचं उदाहरण पाहून भरवसा ठेवणं मला धोक्याचं वाटतं.

ओकेसन यांचा जन्म १९५८ चा. आधी चित्रकार, मग बालसाहित्यिक. हातात पुस्तकं असतानाही ते डॅनिश फिल्म स्कूलमध्ये गेले आणि १९९६ मध्ये पटकथाकार होऊन बाहेर पडले. तिथे पटकथा शिकवणारे मोगेन्स रुकोव सांगत, की सगळ्यांच्या ओळखीचा प्रसंग आधी घ्या, वाढदिवस, जेवण, काहीही. तो एरवी कसा घडतो ते नीट बघा, मग त्यात खडा टाका.

ओकेसन यांचं २००४ चं आजोबांच्या भुताचं चित्रपुस्तक मला याचाच नमुना वाटतं. आजोबा वारतात आणि रात्री नातवाच्या खोलीत येऊन कपाटावर बसतात. काहीतरी विसरलंय, पण काय ते आठवत नाही. दोघं मिळून शोधत राहतात. शेवटी उमगतं, की नातवाचा निरोप घ्यायचाच राहिला होता. मृत्यूबद्दल लहान मुलाशी इतकं सरळ बोलणारी पुस्तकं फार थोडी आहेत.

सिनेमात मात्र ते बहुतांशी मोठ्यांसाठी लिहितात. सुसान बीयर यांच्यासाठी १९९९ मध्ये ‘द वन अँड ओन्ली’ ही प्रेमकथा लिहिली, ती डेन्मार्कात तुफान चालली. दिग्दर्शिका पेर्निले फिशर क्रिस्टेनसेन यांच्याबरोबर लिहिलेल्या ‘अ सोप’ला २००६ मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात ज्युरीचा ‘रौप्य अस्वल’ पुरस्कार मिळाला. नॉर्वेच्या हान्स पेटर मोलान्ड यांच्यासाठी लिहिलेल्या सूडकथेचा २०१९ मध्ये हॉलिवूडमध्ये रिमेक झाला. त्यांच्या पुस्तकांतल्या व्हिटेलो या खट्याळ पोरावरही २०१८ मध्ये ॲनिमेशनपट आला, पण कारकीर्द त्यावर उभी नाही. इथे किंमत मोजावी लागते ती नावाची. चित्रपट दिग्दर्शकाच्या नावाने ओळखला जातो आणि एकच प्रसंग दुसऱ्याच्या सांगण्यावरून पुन्हा पुन्हा लिहावा लागतो.

माझा कौल ओकेसन यांच्या बाजूने. त्यांच्या मार्गात पुस्तकाला सिनेमाची वाट बघावी लागत नाही आणि पोट भरायला दुसरा हात तयार असतो. मात्र तुमच्याकडे बुस्टरसारखं, एका गल्लीत घट्ट रुजलेलं पात्र असेल आणि त्याचा शब्दही दुसऱ्याने बदललेला तुम्हाला सोसणार नसेल, तर फिल्म स्कूलची फी भरू नका. आधी ते पुस्तक पूर्ण करा. अजून ठरत नसेल तर आजोबांच्या भुताचं पुस्तक आणि ‘अ सोप’ पाठोपाठ वाचा-पाहा. एकात एक खोली आणि दोन माणसं, दुसऱ्यात एक इमारत आणि दोन शेजारी. एवढ्याशा जागेत लिहायला तुमचा हात शिवशिवला, तर अर्ज भरायला हरकत नाही.