कोळंबीचा जम्बालाया: ब्राउन राइस की उकडा?

जम्बालाया म्हणजे भाज्या, सॉसेज, कोळंबी आणि तांदूळ एकाच भांड्यात शिजवून केलेला मसालेदार भात. तो घरी थोडा हलका करायचा म्हटलं, तर सॉसेज कमी करणं आणि मीठ आवरणं फारसं अवघड नाही. घोडं अडतं ते तांदळापाशी. आम्ही राहतो त्या अमेरिकेतल्या लुइझियाना राज्यात रीत पांढऱ्या, लांब दाण्याच्या तांदळाची. तो बाजूला ठेवला तर दुकानात दोन पिशव्या समोर येतात: ब्राउन राइस आणि पारबॉइल्ड, म्हणजे उकडा. मी दोन वर्षं ब्राउन वापरला, आता उकडा वापरतो.

आधी ब्राउनच्या बाजूचं सांगतो, कारण ती बाजू भक्कम आहे. शिजलेल्या कपभर ब्राउन भातात ३ ते साडेतीन ग्रॅम तंतू असतात, उकड्यात त्याच्या निम्म्याहूनही कमी, आणि साध्या पांढऱ्यात अर्ध्या ग्रॅमच्या जरासं वर. दाण्याला चव असते, चावावं लागतं, त्यामुळे कमी भातात पोट भरतं. दुसऱ्या दिवशी डब्यात नेला तरी गिच्च होत नाही. फक्त तंतूंसाठीच बदल करणाऱ्यांनी इथेच थांबून ब्राउन घेतला तरी माझी हरकत नाही.

उकड्याचं गणित वेगळं. भात साळीतच भिजवून, वाफवून, वाळवून मग सडतात. त्यामुळे कोंड्यातली ब जीवनसत्त्वं काही प्रमाणात दाण्यात उतरतात आणि दाणा कडक होतो. साध्या पांढऱ्यापेक्षा हा भात साखर सावकाश चढवतो असं सर्वसाधारणपणे मानतात. मी मोजून पाहिलेलं नाही. माझा अनुभव इतकाच की पांढऱ्या भाताचा जम्बालाया जेवल्यावर तीनच्या सुमारास डोळ्यांवर जी झापड यायची, ती उकड्यानंतर येत नाही. ब्राउननंतरही येत नव्हती. कोकणातल्या किंवा गोव्यातल्या वाचकांना उकडा म्हटल्यावर पेजेचा जाडा, लालसर तांदूळ आठवेल. इथला तसा नाही. हा लांब, पिवळसर, काचेसारखा दिसतो आणि शिजल्यावर शीत न् शीत मोकळं राहतं.

आता ज्या एका गोष्टीने माझा निर्णय झाला ती. जम्बालायात भात वेगळा शिजत नाही. कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची परतायची, लसूण आणि थाइम घालायचं, कोळंबीच्या डोक्यांचं आणि सालींचं पाणी ओतायचं, त्यालाच आधण आलं की तांदूळ वैरायचा आणि झाकण लावायचं. तांदळाने ते पाणी पिऊन घेतलं पाहिजे, सगळी चव त्यातच आहे. कोळंबी मात्र तीन-चार मिनिटांची पाहुणी. अर्धचंद्रासारखी वळली की झाली. पुरतं वेटोळं झालं की रबर. म्हणजे भात नेमका कधी होणार हे आधी कळायला हवं, आणि ब्राउन तेच कळू देत नाही. कोंड्यामुळे पाणी आत शिरायला वेळ लागतो, टोमॅटो घातला तर आंबटपणाने आणखी लागतो. एका पिशवीचा चाळीस मिनिटांत शिजला, दुसरीचा पंचावन्न मिनिटांनीही कच्चा. झाकण उघडून पाहावं तर वाफ जाते, न पाहावं तर बुडाला लागतं.

गेल्या वर्षी लेंटमधल्या एका शुक्रवारी शेजारचं कुटुंब जेवायला होतं. ईस्टरच्या आधी हे लोक शुक्रवारी मांस खात नाहीत, मासे चालतात, म्हणून मी मुद्दाम नुसत्या कोळंबीचा बेत केला होता. पंचेचाळिसाव्या मिनिटाला एक शीत दाबून पाहिलं, झालंय असं वाटलं, आणि सोलून, काळा दोरा काढून ठेवलेली दोन पौंड कोळंबी घातली. डाव तळापर्यंत घातला तेव्हा कळलं की मधल्या भातात कणी आहे. पुन्हा झाकण, आणखी बारा मिनिटं. भात झाला, पण कोळंबी चिमटून अंगठीएवढी झाली होती. पाहुणे काही बोलले नाहीत. इतकी ताजी, मेक्सिकोच्या आखातातली कोळंबी माझ्या हातून वाया गेली, हे मला आजही लागतं.

उकड्याने असं एकदाही केलेलं नाही. एक कप तांदळाला पावणेदोन कप पाणी (भाज्यांना सुटतं ते वेगळं), मंद आच, बावीस मिनिटं. मग कोळंबी वर पसरायची, झाकण लावायचं, पाच मिनिटांनी गॅस बंद करून आणखी दहा मिनिटं तसंच दडपून ठेवायचं. दाणा कडक असल्याने मधे एकदा हलवला तरी मोडत नाही.

तंतूंची तूट मी भाज्यांनी काढतो: दीड कप तांदळाला चार कप चिरलेला कांदा, सेलरी, मिरची. इथल्याच गोन्झालेस गावाच्या बाजूला जम्बालाया टोमॅटोशिवाय, तपकिरी करतात. न्यू ऑर्लिन्सचा लाल. मला तपकिरी आवडतो. सॉसेज नसताना तो रंग आणायचा तर कांदा घाई न करता, चांगला पंधरा मिनिटं, बुडाला लागेल तसा थोडं थोडं पाणी शिंपडून खरवडत परतावा लागतो. धुराच्या वासाला स्मोक्ड पॅप्रिका. तयार केजन (लुइझियानाच्या धर्तीचा तिखट) मसाला घेताना डब्याची मागची बाजू वाचा, पुष्कळदा घटकांत पहिलं नाव मिठाचं असतं. गोठवलेल्या कोळंबीच्या पाकिटावरही सोडियम पाहा. खारवलेल्या कोळंबीला पाणी इतकं सुटतं की वरच्या मापातलं पाव कप कमी करावं लागतं.

ब्राउन मी घरातून हद्दपार केलेला नाही. गंबो किंवा एतुफे (भातावर वाढायचे इथले दाट रस्से) करतो तेव्हा भात वेगळाच शिजतो, पातेलंभर पाण्यात उकळून निथळून घेता येतो, आणि कोळंबीला त्याची वाट पाहावी लागत नाही. तिथे तो शोभतोही. ज्यांच्याकडे ब्राउनची मोठी पिशवी आधीच आणलेली आहे, त्यांनी गंबोच करावा असं मी सुचवेन. एका भांड्यातल्या जम्बालायासाठी मात्र उकड्याची लहान पिशवी आणून पाहा, आणि पहिल्या वेळी कोळंबी घालण्याआधी कडेचं नव्हे, मधलं शीत दाबा.