मॉरिशसची सरकारी शाळा: फी माफ, बस माफ, शिकवणी मात्र पदरचे पैसे मोडून

खर्चाच्या बाबतीत ही शाळा उत्तम. माध्यमिक शिक्षण १९७७ पासून मोफत, २००५ पासून विद्यार्थ्यांना बसचं भाडंही नाही. शिवाय हिंदी, तमिळ, तेलुगू, उर्दू यांच्या बरोबरीने प्राथमिकपासून मराठी विषय घेता येतो. कोकणातून गिरमिटावर (मजुरीच्या करारावर) गेलेल्यांच्या पतवंडांना ही सोय सरकारी खर्चाने मिळते, याचं मोल फार मोठं आहे. फक्त मराठीचा वर्ग प्रत्येक शाळेत असतोच असं नाही. नाव घालण्याआधी विचारून घ्या.

घोडं अडतं ते भाषेपाशी. बहुतेक घरांत क्रिओल (फ्रेंचमधून घडलेली तिथली बोली), गणिताचं पुस्तक इंग्रजीत, जोडीला फ्रेंच हा विषय. चित्रात तीन पक्षी, खाली ‘थ्री बर्ड्स’. बाई क्रिओलमध्ये समजावतात, ‘त्र्वा झ्वाझो’. फ्रेंचच्या तासालाही कानावर तेच पडतं. पण पक्षी एकच असला की फ्रेंचमध्ये तो ‘वाझो’ होतो, क्रिओलमध्ये मात्र ‘झ्वाझो’च राहतो. मूल घरचा ‘झ’ फ्रेंचच्या वहीत लिहितं आणि लाल रेघ पडते. घरी फ्रेंच बोलणाऱ्या मुलाला हा फरक न शिकवता येतो.

२०१२ पासून क्रिओल विषय आहे, पण मराठी-हिंदीच्याच रकान्यात: एक घ्या, दुसरा सोडा. भाषेच्या तासाला वर्ग फुटतो आणि मुलं बरीचशी समाजासमाजाप्रमाणे वेगळी बसतात. एका देशाच्या शाळेत हे बघवत नाही.

सहावीची जुनी जीवघेणी परीक्षा २०१७ मध्ये बदलली, सातवीचा प्रवेश विभागवार झाला. हे चांगलंच झालं. चुरस मात्र नववीवर सरकली, कारण नावाजलेल्या अकादमींचे (निवडक माध्यमिक शाळांचे) प्रवेश दहावीला ठेवले गेले. सहावीत मागे पडलेल्यांना सातवी ते नववी चार वर्षांत करायची सवलत ठेवली गेली, पण पाया कच्चा राहिला तो भाषेमुळे, आणि भाषा तीच. म्हणून ऐपत असलेले पालक शिकवणी लावतात. लहान इयत्तांत तिला कायद्याने बंदी असली तरी पुढे ती जवळजवळ नियमच होते. मोफत शाळेतली खरी फी ती हीच, आणि ती क्रिओल समाजाच्या (मुख्यतः आफ्रिकी गुलामांच्या वंशजांच्या) गरीब वस्तीला परवडत नाही. मागे पडणाऱ्या शाळांसाठी ‘झेप’ योजना आहे (ही फ्रेंच आद्याक्षरं, आपली झेप नव्हे). तिथे जादा मदत मिळते, पुस्तकं मात्र इंग्रजीच.

मराठी राहू द्या, ती हवीच. पण क्रिओलला तिच्यासमोर उभं करू नका. पहिल्या दोन वर्षांचं गणित क्रिओलमधून द्या.