बॉस्कॅसलचं जादूटोण्याचं म्युझियम, आईला घेऊन बघितलं

स्टार आधीच सांगतो, पाचपैकी पाच. फक्त भुताखेतांचा थरार पाहिजे म्हणून जाणार असाल तर जाऊ नका, हे तसलं ठिकाण नाहीये.

आई साताऱ्याहून तीन महिन्यांसाठी इकडे इंग्लंडला आलीय. ब्रिस्टलला घरात बसून कंटाळली होती म्हणून बँक हॉलिडेला कॉर्नवॉलला नेली. उत्तर किनाऱ्यावर बॉस्कॅसल म्हणून एक चिमुकलं बंदर आहे, दोन्ही बाजूंनी डोंगर, मधून नदी येऊन समुद्राला मिळते, आणि तिथेच बंदराजवळ जुन्या पांढऱ्या घरात हे म्युझियम ऑफ विचक्राफ्ट अँड मॅजिक. मी आईला नाव सांगितलं तर म्हणाली, सुट्टीच्या दिवशी करणीबिरणीचं काय बघायचंय, देवळात ने. तरी आली.

म्युझियमची स्वतःचीच गोष्ट भारी आहे. सेसिल विल्यमसन नावाच्या माणसाने १९५१ मध्ये आयल ऑफ मॅनवर हे सुरू केलं, मग तिथून हलवलं, पुढे जिथे जाईल तिथे गावकऱ्यांचा विरोध, असं करत करत १९६० ला बॉस्कॅसलला येऊन टेकलं. १९९६ ला ३१ ऑक्टोबरच्या मध्यरात्री ग्रॅहम किंग यांनी ते विकत घेतलं, आणि त्यासाठी ते हॅम्पशायरहून चालत आले होते, चालत! आपल्याला वारी माहितीय म्हणून त्याचं मोल कळतं. नंतर १६ ऑगस्ट २००४ ला गावात भयंकर पूर आला, गाड्या समुद्रात वाहून गेल्या, लोकांना हेलिकॉप्टरने उचललं, सुदैवाने जीव कुणाचा गेला नाही. म्युझियममध्ये पण पाणी आणि चिखल शिरला होता, त्यातून सगळं परत उभं केलंय.

आत गेल्यावर आई पहिल्यांदा थांबली ती टाचण्या टोचलेल्या बाहुल्यांपाशी. बघत राहिली आणि म्हणाली, अरे हे तर आपल्याकडचंच की. मग विच बॉटल. जुन्या मातीच्या बाटल्या, काहींवर दाढीवाल्या माणसाचा चेहरा, आणि त्यात टाचण्या, खिळे, केस, नखं, लघवी असलं भरून चुलीखाली नाहीतर उंबऱ्याखाली पुरायचे, म्हणजे कुणी काही केलं असेल तर ते करणाऱ्यावरच उलटावं. इंग्लंडमध्ये जुनी घरं पाडताना अशा बाटल्या अजून सापडतात, भिंतीत लपवलेले जुने बूट पण सापडतात. भोक पडलेले दगड दाराला बांधायचे, आपण बिब्बा आणि काळी बाहुली बांधतो तसेच. आणि मला सगळ्यात आवडला तो समुद्राचा भाग. इकडच्या किनाऱ्यांवर खलाशांना वारा विकायचे, म्हणजे दोरीला तीन गाठी मारून द्यायच्या, पहिली सोडली की मंद वारा, दुसरी सोडली की जोरात, तिसरी सोडायचीच नाही कारण वादळ. ज्याचं पोट शिडावर आहे आणि वारा काही हातात नाही तो माणूस गाठीचे पैसे का देणार नाही, मला तरी त्याच्यावर हसू आलं नाही. माझ्या परीक्षेच्या दिवशी आई मीठ-मोहरी ओवाळून टाकायची ते आठवलं.

एका खोलीत वैदू बाईचं घर मांडलंय, वाळवलेला पाला, बाटल्या, आणि मधे बसलेली म्हातारी. अशा बायका-पुरुषांना इकडे कनिंग फोक म्हणायचे, गुरांचं दुखणं, हरवलेली वस्तू, प्रेमप्रकरण, सगळ्याला लोक त्यांच्याकडेच जायचे. आणि एक गोष्ट मनाला लागली, जोन विट नावाच्या बाईचा म्हणून मानला गेलेला सांगाडा कित्येक वर्षं या म्युझियममध्ये मांडलेला होता, तो १९९८ ला काढून रानात दफन केला. प्रेक्षक खेचणारी वस्तू स्वतःहून काढून मातीला देणं, मला फार मोठं वाटलं.

येताना वाटेत आम्ही बिडेफर्डला थांबलो होतो, कारण तिथल्या तीन गरीब बायका, टेम्परन्स लॉइड, सुझॅना एडवर्ड्स आणि मेरी ट्रेम्बल्स, यांना १६८२ च्या ऑगस्टमध्ये एक्सेटरला चेटकिणी म्हणून फाशी दिलं. इंग्लंडमधल्या अगदी शेवटच्या फाशींपैकी. शेजारीण आजारी पडली म्हणून टेम्परन्सवर आळ आला. मी हे आईला म्युझियममधल्या खटल्यांच्या भागात उभं राहून मराठीत सांगत होतो, तर ती गप्प झाली, आणि मग म्हणाली, आमच्या आळीत एक बाई होती, नवरा लवकर गेलेला, कुणाची म्हैस आटली की तिचंच नाव निघायचं, तिच्या हातचं पाणी कुणी घ्यायचं नाही. मी पण नाही घेतलं कधी. चाळीस वर्षांत आईने हे कधी बोलून दाखवलं नव्हतं.

कायद्याचा भाग आपल्या लोकांनी नीट वाचावा. इथे १७३५ चा विचक्राफ्ट अॅक्ट आला त्याने चेटूक हा गुन्हाच काढून टाकला आणि उलट माझ्याकडे शक्ती आहे असं सांगून लोकांना नादी लावणाऱ्याला तुरुंग ठेवला, एक वर्षापर्यंत. तो कायदा रद्द झाला १९५१ ला, म्युझियम उघडलं त्याच वर्षी. आपला २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा पण बऱ्याच अंशी तेच करतो, श्रद्धेला हात लावत नाही, अघोरी प्रकार आणि भोंदूगिरी धरतो, सहा महिने ते सात वर्षं कैद आणि पाच ते पन्नास हजार दंड. डॉ. दाभोलकर त्यासाठी किती वर्षं झगडले, आणि २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांना गोळ्या घातल्यावर वटहुकूम निघाला. आमच्या साताऱ्याचा माणूस. तिथे उभं राहून ते आठवलं आणि डोळे भरून आले.

परतीच्या रस्त्यावर दुसऱ्या एका गावात (नाव घेत नाही) एका दुकानात मात्र डोकं फिरलं. काउंटरवरच्या बाईने आईचे गुडघे बघून एक जांभळा दगड पुढे केला, उशाखाली ठेवा, दुखणं जाईल, पस्तीस पौंड. आईने तो दगड उलटासुलटा बघितला आणि मला म्हणाली, हिला सांग, बाटलीवाल्यांनी निदान घरचेच खिळे वापरले होते.

जायचं असेल तर वेबसाइटवर तारखा बघून जा, हिवाळ्यात बंद असतं. दोन तास तरी हाताशी ठेवा, वाचायला खूप आहे. अगदी लहान मुलं घाबरतील, आठ-दहा वर्षांच्या पोरांना न्यायला हरकत नाही, फक्त सोबत राहून समजावून सांगा. आम्ही रात्री तिकडेच राहिलो होतो, दुसऱ्या दिवशी सकाळी आईला पुन्हा म्युझियममध्ये जायचं होतं, पुन्हा तिकीट काढलं. ती थेट त्या खटल्यांच्या भागात गेली आणि मला म्हणाली, त्या तिघींची नावं मराठीत लिहून दे.