द सिम्स ४ मधला घरबदल: माणसे सुखरूप, सामानाची परवड

‘द सिम्स ४’ या संगणकीय गेममध्ये ‘सिम’ नावाच्या आभासी माणसांचा संसार चालवायचा असतो आणि तो खेळणाऱ्याचा बराचसा वेळ घर मांडण्यात जातो. भिंतींना कोणता रंग द्यायचा, मुलाचा पलंग खिडकीजवळ ठेवायचा की भिंतीला लावून, चूल आणि फ्रिज यांच्यामध्ये किती जागा सोडायची, अशा असंख्य बारीक निर्णयांतून ते घर उभे राहते. म्हणूनच त्या कुटुंबाला बिऱ्हाड हलवायची वेळ आली, की खेळणाऱ्याच्या या कष्टांची गेम कितपत कदर करतो, हे तपासून पाहणे मला आवश्यक वाटते. बराच काळ हा गेम खेळल्यावर माझे मत असे झाले आहे, की माणसे नव्या घरी नेण्याचे काम तो उत्तम करतो, सामान नेण्याचे काम मात्र अगदीच उरकून टाकतो.

मॅक्सिसने तयार केलेला आणि इलेक्ट्रॉनिक आर्ट्‌सने प्रकाशित केलेला हा गेम २०१४ च्या सप्टेंबरमध्ये आला आणि १८ ऑक्टोबर २०२२ पासून त्याचा मूळ भाग विनामूल्य झाला. विस्तार संच, म्हणजे मूळ गेमला जोडायचे जादा भाग, स्वतंत्रपणे विकत घ्यावे लागतात. परंतु घर बदलण्याची मूळ सोय सर्वांना सारखीच मिळते. नव्या कुटुंबात एकच व्यक्ती असेल, तर त्याला सुरुवातीला २०,००० सिमोलिऑन (गेममधले चलन) मिळतात आणि पुढच्या प्रत्येक सदस्यामागे २,००० ची भर पडते. एका कुटुंबात जास्तीत जास्त ८ सदस्य राहू शकतात. त्यामुळे पहिले घर बहुधा लहानच घ्यावे लागते आणि संसार वाढला, की घर बदलण्याचा विचार आपोआप सुरू होतो.

हा बदल दोन मार्गांनी करता येतो. खेळ चालू असताना सिमच्या फोनमधून घर बदलण्याचा पर्याय निवडता येतो, किंवा नकाशावर जाऊन कुटुंबांच्या व्यवस्थापनाच्या पडद्यावरून तेच काम करता येते. दुसरा मार्ग मला अधिक सोयीचा वाटतो, कारण नकाशावर रिकामे प्लॉट, तयार घरे आणि त्यांच्या किमती एका दृष्टिक्षेपात दिसतात. तयार घर घेताना ते सामानासह घ्यायचे की रिकामे, हे विचारले जाते आणि दोन्ही किमती वेगवेगळ्या दाखवल्या जातात. जुन्या घराची किंमत कुटुंबाच्या पैशांत जमा होते, नव्या घराची वजा होते आणि व्यवहार पूर्ण होतो. हिशेब स्वच्छ आहे. त्यात लपवाछपवी नाही. ज्यांना पैशांच्या अडचणीत न पडता केवळ मनाजोगते घर मांडायचे आहे, त्यांच्यासाठी नकाशावर असतानाच ‘फ्री रिअल इस्टेट ऑन’ ही चीट, म्हणजे गेमचे नियम शिथिल करणारी आज्ञा, टाकण्याची सोय आहे. ती चालू केल्यावर कुठलेही घर फुकटात घेता येते.

आता माणसांविषयी. या मालिकेचा २००९ मध्ये आलेला तिसरा गेम ज्यांनी खेळला आहे, त्यांना चौथ्या गेममधल्या घरबदलाचे मोल लगेच कळेल. तिसऱ्या गेममध्ये एका वेळी एकच गाव जिवंत असे. कुटुंबाला दुसऱ्या गावी नेले, की नोकरी सुटत असे आणि घराबाहेरचे मित्र, नातेवाईक, प्रेमाची माणसे सारी जुन्या गावातच मागे राहत. मुलीला दुसऱ्या गावी पाठवले, तर तिच्या आईवडिलांशी असलेली गाठ तुटल्यातच जमा होती. चौथ्या गेमने ही भिंत पाडली. एका सेव्हमधली (जतन केलेल्या एका खेळातली) सगळी गावे एकमेकांशी जोडलेली आहेत. विलो क्रीकमधले कुटुंब ओएसिस स्प्रिंग्जमध्ये गेले, तरी नोकरी टिकते, कौशल्ये टिकतात, मैत्री आणि नाती टिकतात. जुना शेजारी फोनवर भेटतो, बोलावले तर घरीही येतो. त्यासाठी लोडिंगचा पडदा सोसावा लागतो हे खरे, पण या गेममध्ये तो शेजारच्या घरी जातानाही सोसावा लागतोच. नात्यांचा धागा न तुटता घर बदलता येणे ही या गेमची सर्वांत मोठी देणगी आहे, असे मी मनापासून म्हणेन. तीन पिढ्यांची कथा रचणाऱ्या खेळाडूला याहून महत्त्वाचे काही नसते.

कुटुंबातल्या काही जणांनाच वेगळे करायचे असेल, तर त्यासाठीही नीटनेटकी व्यवस्था आहे. दोन कुटुंबे शेजारी शेजारी दिसतात आणि सदस्यांना एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला नेता येते. लग्न झालेल्या मुलाचे बिऱ्हाड वेगळे थाटणे किंवा एकट्या पडलेल्या आजीला लेकीच्या घरी आणणे, ही कामे कसलीही खटपट न करता होतात. प्रत्येक कुटुंबात किमान एक तरुण वा त्याहून मोठ्या वयाची व्यक्ती असावी लागते, म्हणजे मुलांचे वेगळे घर करता येत नाही. ही अट योग्यच आहे. कुत्र्या-मांजरांचा विस्तार संच असेल, तर ही जनावरेही त्या ८ जणांत मोजली जातात, हे मोठ्या कुटुंबांनी आधीच ध्यानात ठेवावे.

सामानाच्या बाबतीत मात्र माझी तक्रार गंभीर आहे. घर सोडताना सामान विकायचे की कुटुंबाच्या इन्व्हेंटरीत, म्हणजे सामानाच्या साठ्यात, ठेवून सोबत न्यायचे, एवढाच निर्णय गेम विचारतो. हा निर्णय संपूर्ण घरासाठी एकच असतो. सोफा विकायचा आणि पियानो न्यायचा, अशी निवड त्या पडद्यावर करता येत नाही. विकण्याचा पर्याय निवडला, तर घरात मांडलेल्या सगळ्या वस्तूंचे एका क्षणात पैसे होतात आणि त्यात आजोबांनी रंगवलेले चित्रही जाऊ शकते, मुलाच्या वाढदिवसाला आणलेले खेळणेही. कोणती वस्तू कुटुंबाच्या कथेचा भाग आहे आणि कोणती केवळ खुर्ची आहे, हे गेमला कळावे अशी अपेक्षा कोणी करणार नाही. पण ते खेळणाऱ्याला सांगता यावे, एवढी जागा त्या पडद्यावर ठेवायला काय हरकत होती?

सोबत नेण्याचा पर्याय निवडला, तरी दुसरी अडचण उभी राहते. जुन्या घरातले सगळे काही, म्हणजे पलंग, दिवे, गालिचे, स्नानगृहातले आरसे, कुटुंबाच्या इन्व्हेंटरीत एकत्र जाऊन पडते. ही इन्व्हेंटरी बांधकामाच्या पडद्यावरच उघडता येते आणि तिथून वस्तू बाहेर काढून मांडल्याशिवाय सिमला तिचा काही उपयोग होत नाही. कोणती वस्तू कोणत्या खोलीतली होती, याची खूण कुठेही राहत नाही. दिसतात ती फक्त छोटी छोटी चित्रे. मोठ्या घरातून आलेल्या कुटुंबाची ही रास उपसताना खोक्यांवर नावे न लिहिता सामान बांधल्यासारखी गत होते. शिवाय दारे, खिडक्या, भिंतींचा रंग आणि फरशी हे सारे जुन्या घराबरोबरच राहते. ते स्वाभाविक आहे, पण त्यामुळे तीच खोली नव्या घरात पुन्हा जशीच्या तशी उभी करणे जिकिरीचे होऊन बसते.

यावर एक चांगला तोडगा आहे आणि गेम तो स्वतःहून सुचवत नाही, याचे मला वाईट वाटते. निघण्यापूर्वी बांधकामाच्या पडद्यावर आवडती खोली निवडून ती आपल्या लायब्ररीत (गेममधल्या जतन केलेल्या रचनांच्या संग्रहात) जतन करावी. नव्या घरात पुरेशी जागा असेल, तर तीच खोली भिंतींसह आणि मांडणीसह तिथे आणता येते. ती नव्याने विकत घ्यावी लागते, त्यामुळे अशा वेळी जुने सामान विकून टाकणेच हिशेबाचे ठरते. संपूर्ण घरही असेच जतन करता येते, फक्त नवा प्लॉट त्या घराला पुरेल एवढा मोठा हवा. ज्या वस्तूंची प्रत चालणार नाही, म्हणजे सिमने स्वतः रंगवलेली चित्रे, गोळा केलेले स्फटिक, पकडलेले मासे, त्या आधीच एखाद्या सदस्याच्या स्वतःच्या इन्व्हेंटरीत टाकाव्यात. त्या इन्व्हेंटरीतले काहीही घर बदलताना विकले जात नाही. बागेतली फळे आणि भाज्याही तोडून तिथेच ठेवाव्यात, कारण नव्या अंगणात त्या पुन्हा लावता येतात.

घरात कोणाचे निधन झालेले असेल, तर त्यांच्या अस्थिकलशाकडे विशेष लक्ष द्यावे. मृत सिमचे भूत रात्री येते ते त्या कलशामुळे, आणि कुटुंबाला आपल्या पूर्वजांशी पुन्हा बोलता येते तेही त्यामुळेच. तो कलश सामानाच्या राशीत न सोडता एखाद्या सदस्याच्या इन्व्हेंटरीत ठेवून न्यावा आणि नव्या घरी पोहोचल्यावर सर्वांत आधी त्याची जागा ठरवावी. एवढ्या नाजूक वस्तूसाठी गेमने निघताना निदान एक आठवण करून द्यायला हवी होती.

नव्या घरी पाऊल ठेवल्यानंतरचा अनुभव पुन्हा माणसांच्या बाजूने सुखाचा आहे. शेजारी फ्रूटकेक घेऊन भेटायला येतात, ओळखी होतात, गप्पा रंगतात आणि नव्या गल्लीत आपले कोणीतरी आहे असे वाटू लागते. त्या मानाने प्रत्यक्ष निघण्याचा क्षण फार कोरडा आहे. ना बांधाबांध, ना निरोप. एक लोडिंगचा पडदा येतो आणि कुटुंब नव्या अंगणात उभे असते. जिथे लहान मुलांच्या मनःस्थितीचे इतके बारकावे दाखवले जातात, तिथे जन्मघर सोडणाऱ्या मुलाच्या मनात काहीच हालचाल होऊ नये, ही मला या गेममधली खरी उणीव वाटते.

भाड्याच्या घरांचा अनुभव वेगळा आणि माझ्या मते अधिक रसपूर्ण आहे. २०१६ च्या ‘सिटी लिव्हिंग’ या विस्तार संचातल्या सॅन मायशुनो शहरात सदनिका विकत मिळत नाहीत, त्यांचे भाडे भरावे लागते. सदनिकेच्या बाहेरच्या भिंतींना हात लावता येत नाही, आतली मांडणी मात्र हवी तशी करता येते. काही जुन्या सदनिकांत उंदीर आणि झुरळे निघतात, नळ फुटतात, वीज बिघडते आणि घरमालकाला बोलवावे लागते. भिंतीपलीकडचा शेजारी मध्यरात्री गोंगाट करतो, तेव्हा त्याचे दार ठोठावून सुनवावे लागते. २०२३ च्या ‘फॉर रेंट’ या संचामुळे एकाच प्लॉटवर ६ बिऱ्हाडे राहू शकतात आणि घरमालक होऊन भाडेकरू सांभाळताही येतात. ज्या खेळाडूला घर बदलल्याने कुटुंबाचे दिवसही बदलावेत असे वाटते, त्याने मोठ्या बंगल्यापेक्षा या सदनिका आधी पाहाव्यात.

शेजारपाजारच्या कुटुंबांचे आयुष्य आपोआप पुढे नेणारी सोय गेममध्ये आहे आणि ती चालू असेल, तर ती कुटुंबे आपणहून घर सोडून जाऊ शकतात. कथेतले एखादे कुटुंब जिथल्या तिथे राहायला हवे असेल, तर त्या कुटुंबापुरता हा पर्याय बंद करावा.

माझ्या पसंतीत हा गेम घरबदलासाठी पाचपैकी साडेतीन गुणांना पात्र आहे. कापलेले गुण जवळजवळ सगळे सामानाच्या खात्यातले आहेत. निघण्यापूर्वी ‘सेव्ह ॲज’ करून वेगळ्या नावाने प्रत ठेवावी, मौल्यवान वस्तू व्यक्तींच्या इन्व्हेंटरीत आहेत ना हे एकदा पाहावे आणि मगच नव्या घराच्या किमतीवर क्लिक करावे. वस्तू निवडून नेण्याची सोय पुढच्या एखाद्या अपडेटमध्ये आली, तर उरलेले गुणही मी आनंदाने देईन.