आयटीआय झालं, आता सीएनसीचा क्लास लावू की अप्रेंटिस धरू?

निकाल लागला की गावाकडून फोन सुरू होतात. टर्नर, फिटर, मशिनिस्ट, ट्रेड कुठलाही असो, प्रश्न ठरलेला: "दादा, क्लास लावू की अप्रेंटिस धरू?" यंदा फोन सख्ख्या भाच्याचा आला, म्हणून एकदाचं सविस्तर लिहून टाकतो. पुढच्या वर्षी कुणी विचारलं तर हेच पाठवता येईल.

मी टर्नर, म्हणजे लेथवाला. दोन वर्षं आयटीआय, मग पुण्याजवळच्या भोसरीत तीन महिन्यांचा सीएनसी-व्हीएमसी (प्रोग्रॅमवर आपोआप कापणारी मशीनं) प्रोग्रॅमिंगचा क्लास आणि त्यानंतर एक वर्ष अप्रेंटिसशिप. आज एका मध्यम शॉपमध्ये, म्हणजे कारखान्यात, टर्निंग सेंटरवर (सीएनसी लेथवर) सेटर आहे: नवा जॉब, म्हणजे नवा पार्ट आला की त्यासाठी मशीन तयार करणारा. जी-कोड म्हणजे टूल कुठे जायचं ते मशीनला सांगणाऱ्या ओळी, एवढं धरून चाला. ट्रेडचं सर्टिफिकेट कशाला लागतं, हे सांगत बसत नाही. ते तुम्हाला ठाऊक आहे.

पैशाचं आधी उरकतो. क्लासची फी मी १८ हजार भरली, दोन हप्त्यांत. खोलीभाडं, मेस आणि येण्याजाण्याचं धरून तीन महिन्यांत घरून पन्नासेक हजार आणले असतील. अप्रेंटिसला उलट स्टायपेंड मिळतो. २०१९ च्या नियमांनी तो किमान ५ ते ९ हजारांच्या पट्ट्यात बसवला आणि आयटीआयवाल्याला त्यात ७ हजार आले. मला तेवढेच मिळायचे. कॅन्टीन होतं, कंपनीची बस होती, त्यामुळे वर्षभर घरी फार पाठवलं नाही, पण मागितलंही नाही. क्लासवाले यावर एक गणित मांडतात: तीन महिन्यांत कोर्स संपतो, उरलेले नऊ महिने तू ऑपरेटरचा पगार घेशील, अप्रेंटिस मात्र स्टायपेंडवरच बसेल. गणित खोटं नाही. त्यात फक्त चौथ्या महिन्यात नोकरी लागलेली धरलेली असते.

आता क्लासने मला काय दिलं ते प्रामाणिकपणे सांगतो, नाहीतर हा लेख एकतर्फी वाटेल. प्रोग्रॅम वाचायला मी क्लासमध्येच शिकलो. आयटीआयमध्ये जुन्या लेथवर हात बसला होता, पण स्क्रीनवरच्या ओळी म्हणजे कोडं होतं. आमचे सर एकेक ओळ फळ्यावर लिहून टूल कुठे जाईल ते खडूने काढून दाखवायचे. जी ७१ मध्ये (जाड कट घेणारी आज्ञा) शेवटच्या कटासाठी किती स्टॉक सोडायचा, थ्रेडिंगला, म्हणजे आटे पाडायला, जी ७६ च्या दोन ओळींत कुठला आकडा कशाचा, हे डोक्यात पक्कं बसलं. टिंबाची गोष्टही तिथेच कळली: फॅनक कंपनीच्या कंट्रोलवर X20 असं टिंबाशिवाय लिहिलं तर बऱ्याच मशीनवर ते वीस मिलिमीटर धरलं जात नाही, वीस मायक्रॉन धरलं जातं. पुढे अप्रेंटिसशिपला माझ्यासोबत जी पोरं होती, त्यांच्यातली निम्मी वर्ष संपलं तरी प्रोग्रॅमकडे बघून मान हलवायची. तिथे माझं पारडं जड होतं, ते क्लासमुळेच.

मग अडलं कुठे?

क्लासमध्ये एकच टर्निंग सेंटर आणि एकच व्हीएमसी, आम्ही बॅचमध्ये वीस-बावीस. बाकी वेळ सिम्युलेटर. आठवड्यातून दोनदा मशीनवर जायचो तेव्हा माणशी दहा-बारा मिनिटं यायची. आपला प्रोग्रॅम भरायचा, दार लावायचं, सायकल स्टार्ट. ॲल्युमिनियमचा तुकडा कापून निघायचा, सगळे मोबाइलवर व्हिडिओ काढायचे. तीन महिन्यांत माझ्या एक गोष्ट लक्षातच आली नाही: आम्ही जायच्या आधी मशीन कायम सेट केलेलं असायचं. जॉ (पीस पकडणारे जबडे) बसवलेले, आतून मापाला कापून, म्हणजे बोअर करून घेतलेले. टूल लावलेले, त्यांचे ऑफसेट (टूलचं टोक नेमकं कुठे आहे ते मशीनला सांगणारे आकडे) घेतलेले. सर सकाळी लवकर येऊन ते सगळं करून ठेवायचे, कारण बावीस जणांनी एकेक झीरो घ्यायचं म्हटलं तर दिवस त्यातच जाईल. त्यांची अडचण मला आज कळते. पण मशीनचं जे खरं काम, ते आमच्या पाठीमागे होऊन जायचं.

क्लास संपल्यावर भोसरीतच एका छोट्या शॉपमध्ये ट्रायलला गेलो. मालकांनी प्रोग्रॅमबद्दल दोन प्रश्न विचारले, मी फाडफाड उत्तरं दिली. ते खूश झाले. मग शॉप फ्लोअरवरच्या सेटर काकांना म्हणाले, "याला तो बुश लावायला द्या." काकांनी माझ्यासमोर सॉफ्ट जॉचा एक कोरा सेट ठेवला, ड्रॉइंग दिलं आणि चहाला गेले. मी त्या जॉकडे बघत उभा. जॉ जॉबच्या मापाला बोअर करून घ्यायचे असतात, बोअर करताना आत रिंग पकडून दाब द्यायचा असतो, हे मला वाक्य म्हणून माहीत होतं. हाताला माहीत नव्हतं. काका चहा पिऊन आले तरी पहिला जॉ मी कुठल्या दात्यावर बसवायचा हेच मोजत होतो. ते रागावले नाहीत. एवढंच म्हणाले, "क्लास केलास ना? मग अजून शिकायचं बाकी आहे." त्या दिवशी चिंचवडपर्यंत चालत आलो.

बाकीच्या गोष्टी इकडे-तिकडे झाल्या असत्या, पण एवढ्या एका गोष्टीने माझं ठरलं. पुढच्या महिन्यात सरकारच्या अप्रेंटिसशिप पोर्टलवर नाव टाकलं आणि अप्रेंटिस लागलो.

अप्रेंटिसशिप म्हणजे सुख, असं मात्र समजू नका. पहिले चार महिने मी एका लाइनवर फक्त लोडिंग-अनलोडिंग केलं. पार्ट उचल, लाव, पेडल दाब, बटण दाब, काढ, गो-नोगो गेज (माप बसतंय की नाही ते दाखवणारं) घाल, ट्रेमध्ये ठेव. मशीनवर एडिट लॉकची, म्हणजे प्रोग्रॅम बदलू देणारी किल्ली असते, ती सेटरच्या खिशात. क्लासमध्ये किल्ली कायम लावलेली असायची पण कापायला काही नसायचं. इथे दिवसभर लोखंड कापलं जायचं आणि किल्ली बघायलाही मिळायची नाही. ३० किंवा जास्त माणसं असलेल्या आस्थापनेला अडीच ते पंधरा टक्क्यांपर्यंत अप्रेंटिस घ्यावेच लागतात. काही ठिकाणी तेवढा आकडा भरायला पोरं घेतात आणि वर्षभर त्याच पेडलवर ठेवतात. १९६१ चा कायदा अप्रेंटिसला कामगार मानत नाही, शिकाऊ मानतो, आणि वर्ष संपल्यावर कायम करायचं बंधन कंपनीवर टाकत नाही. हे सगळं खरं आहे आणि भाच्याच्या आईला, म्हणजे माझ्या ताईला, हेच सगळ्यात जास्त खटकतंय.

माझं नशीब पाचव्या महिन्यात फिरलं, तेही अपघाताने. दुसऱ्या सेक्शनला माणूस कमी पडला आणि मला तिकडे टाकलं. तिथे लॉट छोटे. पन्नास नग, ऐंशी नग, की जॉब बदलला. दिवसाला दोन-तीन सेटिंग व्हायची. तिसऱ्या शिफ्टला तिथले सेटर काका एकटेच असायचे, त्यांना हात हवा होता. आधी मी जॉ पुसून द्यायचो, मग बसवायला लागलो, मग एका रात्री त्यांनी किल्ली टेबलावर ठेवली आणि म्हणाले, "लाव, मी बघतो." मी पहिला पीस काढला, बोअर, म्हणजे आतलं भोक, वीस मायक्रॉन कमी आला. वेअर ऑफसेटमध्ये (माप थोडं वाढवा-कमी करायचा आकडा) प्लस टाकायचं की मायनस, या घोळात मी उलटं टाकलं, पुढचा पीस अजून कमी आला. काकांनी पाहिलं आणि काही बोलले नाहीत. तिसरा पीस बरोबर आला. तेव्हापासून आतल्या मापाचं आणि बाहेरच्या मापाचं चिन्ह मी कधी चुकलो नाही.

त्याच वर्षी कामाची जात बदलताना पाहिली. आमच्याकडे इंजिनाचे पार्ट वर्षानुवर्षं चालायचे. २०२० च्या एप्रिलमध्ये बीएस-६, म्हणजे गाड्यांच्या धुराचा नवा नियम आला तेव्हा ड्रॉइंगं बदलली, मापं घट्ट झाली. पण इलेक्ट्रिक गाडीची गोष्ट आणखी निराळी. तिला पिस्टन नाही, व्हॉल्व्ह नाही, क्रँकशाफ्ट नाही. एका बाजूने ते लॉट बारीक होत गेले, दुसऱ्या बाजूने ॲल्युमिनियमचं मोटर हाउसिंग आलं. पातळ भिंतीचं, नाजूक. त्याचा प्रोग्रॅम ऑफिसमध्ये कॅम सॉफ्टवेअरवर तयार होऊन पेन ड्राइव्हवर यायचा, त्याला हात लावायचं कामच नव्हतं. पीस चकमध्ये (जॉ बसतात त्या पकडीत) असताना डायल (बारीक फरक दाखवणारं घड्याळ) फिरवला की गोल. चक उघडून बाहेर काढला की लंबगोल! दोन दिवस सगळे प्रोग्रॅमला शिव्या देत होते. शेवटी काकांनी चकचं प्रेशर उतरवलं, जॉबला मोठा पट्टा धरतील असे रुंद जॉ करून घेतले आणि फिनिशिंगचा कट वेगळ्या पकडीत घेतला. माप आत आलं. मी शेजारी उभा राहून ते बघितलं. सिम्युलेटरमध्ये पीस कधी दबत नाही.

म्हणून माझा कल कुठे आहे ते तुम्हाला एव्हाना कळलंच असेल. तरीही काही जणांना मी क्लासच सांगेन. चार-पाच वर्षं ऑपरेटर म्हणून उभे आहात, जॉ-टूल हाताखालून गेलेत, फक्त स्क्रीनची भीती आहे, तर संध्याकाळचा क्लास लावा. तीन महिन्यांत डोळे उघडतील. घरी बायको-पोरं आहेत आणि स्टायपेंडवर वर्ष काढणं शक्य नाही, त्यांनाही कुठल्या तोंडाने अप्रेंटिस सांगू? आणि माझी तक्रार गल्लीतल्या क्लासबद्दल आहे. संभाजीनगरच्या इंडो-जर्मन टूल रूमसारख्या ठिकाणचं माप त्यांना लावू नका. तिथली दोन पोरं आमच्याकडे आली होती, त्यांना जॉ बोअर करताना बघितलं, हात तयार होता.

मधला एक तिसरा रस्ताही पोरं विचारतात: २०२४ ची मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजना. आयटीआयवाल्याला महिना ८ हजार, म्हणजे दिसायला अप्रेंटिसच्या २०१९ च्या त्या ७ हजारांपेक्षा बरी. सुरुवातीला ती सहा महिन्यांची होती, नंतर मुदत वाढली. पण अप्रेंटिसशिपच्या शेवटी ट्रेड टेस्ट आणि राष्ट्रीय प्रमाणपत्र असतं, ते काही त्यातून मिळत नाही. गावाजवळच्या कार्यालयात काम हवं असेल तर ठीक. मशीनचा माणूस व्हायचं असेल तर मी त्यात सहा महिने घालणार नाही.

ज्याचं आयटीआय नुकतंच झालंय आणि वय वीसच्या आत-बाहेर आहे, त्याने आधी अप्रेंटिस धरावी असं मला वाटतं. क्लास नंतर लावता येतो, सहाव्या-सातव्या महिन्यात, पहिली शिफ्ट असेल त्या आठवड्यांत संध्याकाळी. मी उलटं केलं, त्यात घरचे पैसे आणि माझा एक हिवाळा गेला.

कंपनी निवडताना मात्र नावाला भुलू नका. मोठ्या नावाच्या लाइनवर एकच पार्ट वर्षभर चालत असेल तर तिथे तुम्ही पेडलच दाबाल. मुलाखतीला गेलात की एवढंच विचारा: "सेक्शनमध्ये दिवसाला किती सेटिंग होतात?" आठवड्याला एक, असं उत्तर आलं तर कॅन्टीन कितीही चांगलं असो, पुढचा पत्ता बघा. आत जाऊ दिलं तर जॉची मांडणी बघा. नंबर टाकलेले, वापरून झिजलेले वीस-पंचवीस सेट दिसले तर तिथे जॉब बदलतो, आणि जिथे जॉब बदलतो तिथे कधी ना कधी किल्ली हातात येते.

भाच्याकडे सध्या दोन बोलावणी आहेत. एक चाकणचं, मोठं नाव, बस थेट खोलीजवळ. दुसरं भोसरीतलं, चाळीस-पन्नास माणसांचं शॉप, बस नाही, कॅन्टीनच्या नावाने शेजारची टपरी. ताईचं मत चाकणकडे आहे. शनिवारी दुसऱ्या शिफ्टला मी त्याला भोसरीला घेऊन जातोय. तिथला सेटर माझ्या ओळखीचा आहे, मांडणी बघू देईल म्हणालाय.