नॅस्टच्या रेघा सनबोर्डवर: सांगलीतल्या एका प्रिंटिंगच्या दुकानाचा अनुभव

मी निवृत्त चित्रकला शिक्षक. खणभागातल्या आमच्या गणेश मंडळानं यंदा देखाव्याऐवजी व्यंगचित्रांचं प्रदर्शन लावलं. निवड माझ्याकडं आली आणि मी एकोणिसाव्या शतकातला अमेरिकन व्यंगचित्रकार थॉमस नॅस्ट घेतला. छपाई मारुती चौकाकडच्या एका छोट्या डिजिटल प्रिंटिंगच्या दुकानात केली.

नॅस्टची चित्रं लाकडी ठोकळ्यांवर कोरून छापलेली. सावली म्हणजे नुसत्या आडव्या-तिरप्या बारीक रेघा. मोबाईलवरचं चित्र दाखवताच दुकानातला मुलगा म्हणाला, "सर, यात रेघा फुटतील. मोठं स्कॅन आणा. आणि फ्लेक्स नको, विनाईल सनबोर्डवर लावू, वरून मॅट लॅमिनेशन." सनबोर्ड म्हणजे फोमचा हलका, ताठ बोर्ड. फ्लेक्स काढून देणं त्याला सोपं होतं, तरी त्यानं हे सांगितलं. दोन बाय तीन फुटांचे आठ बोर्ड, चौरस फुटाला ७५ रुपये, एकूण ३,६००.

कसोटी एकाच चित्राची होती. १९ ऑगस्ट १८७१, हार्पर्स वीकली हे अमेरिकन साप्ताहिक. न्यूयॉर्क महापालिकेची तिजोरी लुटणारा तिथला पुढारी बॉस ट्वीड आणि त्याची टोळी गोल करून उभी आहे. लोकांचा पैसा कुणी चोरला, असं विचारलंय आणि जो तो शेजाऱ्याकडं बोट दाखवतोय. गोलात ठेकेदारही आहेत, कोण सुतारकामाचा, कोण गॅसच्या नळ्यांचा, ते त्यांच्या अंगावरच लिहिलंय. न्यूयॉर्कच्या कोर्टाच्या इमारतीच्या कामाची फुगवलेली बिलं याच लोकांची. आपल्याकडं ज्याला टक्केवारी म्हणतात तोच धंदा. न्यूयॉर्क टाइम्सनं जुलैतच हिशेबाचे आकडे छापले होते, पण आकड्यांना वाचणारा लागतो. हे बोट निरक्षर माणसालाही कळतं. नोव्हेंबरच्या निवडणुकीत टोळीची बहुतेक माणसं पडली. ट्वीड पुढं तुरुंगातून स्पेनला पळाला, तिथंही नॅस्टच्याच चित्रावरून ओळखला गेला. नागरिकशास्त्राच्या तासाला हे चित्र मी कधी वर्गात नेलं नाही, याची मला खरोखर खंत वाटते.

छापून आलेल्या बोर्डवर अंगावरची ती बारीक अक्षरं हातभर अंतरावरून वाचता येत होती. रेघ कुठं चिकटली नव्हती. मन भरून आलं.

चूक झाली ती मराठी मजकुरात. माझी युनिकोड फाईल त्यांच्या सॉफ्टवेअरमध्ये उघडल्यावर जोडाक्षरं फुटली, 'भ्रष्टाचार'मधला 'ष्ट' सुटा पडला आणि प्रूफ न दाखवताच दोन बोर्ड छापले गेले. हे मला अजिबात पटलं नाही. पैसे न घेता पुन्हा छापून दिले, पण पहिल्या संध्याकाळी त्या दोन जागा रिकाम्याच राहिल्या.

दुसऱ्या दिवशी हार विकणाऱ्या मावशी त्या गोलासमोर थांबल्या. एकेका बोटाच्या मागं आपलं बोट फिरवत पूर्ण फेरी केली आणि मला विचारलं, "मग सर, सुरुवात कुणापासनं झाली?" मी ट्वीडचं पोट दाखवलं.

गणपतीच्या दिवसांत या दुकानात जायचं असेल तर किमान आठवडाभर आधी जा. मराठी मजकूर पीडीएफ करून न्या आणि प्रूफ बघितल्याशिवाय हलू नका.