थायरॉइडची गाठ: आता सुई तपासणी की वर्षभराने पुन्हा सोनोग्राफी?

रिपोर्टमध्ये ‘टीआय-रॅड्स ४’ असं छापून आलं की वाचणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. हा चार कॅन्सरच्या चौथ्या स्टेजचा नाही. सोनोग्राफीत गाठ कशी दिसते त्यावरून दिलेली ती श्रेणी आहे, आणि अमेरिकेतल्या रेडिओलॉजिस्टांच्या संघटनेने, म्हणजे एसीआरने, २०१७ मध्ये मांडलेल्या पद्धतीत टीआर-४, म्हणजे टीआय-रॅड्स ४, गाठींपैकी साधारण ९ टक्केच कॅन्सरच्या निघतात. टीआर-३ मध्ये हे प्रमाण जेमतेम ५ टक्के, टीआर-५ मध्ये सुमारे ३५ टक्के. टीआर-१ आणि टीआर-२ मध्ये ते २ टक्क्यांच्याही आत असतं. सर्वांत वाईट श्रेणीतल्याही बहुतेक गाठी साध्याच असतात.

निर्णय घ्यायचा तो बहुधा एवढाच: आत्ता सुई टोचून पेशी तपासायच्या, की ठरावीक अंतराने सोनोग्राफी करत राहायची. गाठ किती मोठी आहे आणि ती दिसते कशी, या दोन्ही गोष्टी एकत्र धरूनच उत्तर मिळतं. नुसत्या आकारावर भिस्त ठेवू नये. चार सेंटिमीटरची स्पंजासारखी गाठ निरुपद्रवी असू शकते आणि एक सेंटिमीटरची वेडीवाकडी गाठ तपासावी लागते.

श्रेणी ठरते कशी

एसीआरच्या पद्धतीत पाच गोष्टींना गुण देतात आणि बेरीज करतात. गाठ पूर्ण पाण्याची किंवा स्पंजासारखी असेल तर शून्य, काही भाग भरीव असेल तर एक, भरीव असेल तर दोन. पडद्यावर ती शेजारच्या थायरॉइडइतकी किंवा अधिक उजळ दिसली तर एक, काळसर म्हणजे हायपोएकोइक दिसली तर दोन, मानेच्या स्नायूंपेक्षाही काळी असेल तर तीन. रुंदीपेक्षा उंची, म्हणजे पुढून मागे मोजलेलं माप, जास्त असली की थेट तीन गुण, कारण साध्या गाठी सहसा ग्रंथीच्या थरांना धरून आडव्या वाढतात. थर ओलांडून उभी वाढणारी गाठ संशयास्पद. कडा खडबडीत असल्या तर दोन, गाठ ग्रंथीबाहेर गेली असेल तर तीन. कडा नुसती अस्पष्ट असेल तर मात्र शून्य. रिपोर्टमधला ‘इल-डिफाइन्ड’ हा शब्द वाचून घाबरायचं कारण नाही.

पाचवी गोष्ट पांढऱ्या ठिपक्यांची, आणि चूक होते ती बहुधा इथेच. कॅल्शियमचे बारीक ठिपके पॅपिलरी कॅन्सरमध्ये, म्हणजे थायरॉइडच्या सर्वाधिक आढळणाऱ्या कॅन्सरमध्ये, दिसतात, म्हणून त्यांना तीन गुण. पण गाठीतल्या घट्ट कोलॉइडचेही, म्हणजे थायरॉइडमधल्या चिकट द्रवाचेही, पांढरे ठिपके दिसतात, आणि त्यांच्या मागे धूमकेतूसारखी शेपटी उमटते. मोठी शेपटी असलेल्या ठिपक्याला शून्य गुण. शेपटी नजरेतून सुटली तर साधी गाठ तीन गुणांनी वर जाते.

बेरीज तीन आली तर टीआर-३, चार ते सहा टीआर-४, सात किंवा जास्त असेल तर टीआर-५. रिपोर्टमध्ये नुसती श्रेणी असेल तर गुणांची फोड मागून घ्यावी. ती मिळाली की पुढचं बोलणं सोपं होतं.

तीन पद्धती, तीन वेगळी उत्तरं

एकच गाठ, आणि एक डॉक्टर सुई सुचवतात तर दुसरे थांबा म्हणतात. यात नेहमी कुणाचं चुकतंच असं नाही. दोघांचे तक्ते वेगळे असू शकतात. अमेरिकन थायरॉइड असोसिएशनची, म्हणजे एटीएची, २०१५ ची पद्धत आणि युरोपची २०१७ ची पद्धत एसीआरशेजारी ठेवली तर सुई कधी टोचायची याचं चित्र असं दिसतं:

| गाठीचं रूप | एसीआर | एटीए | युरोप |
|---|---|---|---|
| स्पंजासारखी | गरज नाही | २ सेंमीपासून, किंवा नुसती देखरेख | गरज नाही |
| भरीव, उजळ, कडा गुळगुळीत | २.५ सेंमीपासून | १.५ सेंमीपासून | २ सेंमीच्या वर |
| भरीव, काळसर, कडा गुळगुळीत | १.५ सेंमीपासून | १ सेंमीपासून | १.५ सेंमीच्या वर |
| भरीव, काळसर, शिवाय कॅल्शियमचे बारीक ठिपके किंवा उभा आकार | १ सेंमीपासून | १ सेंमीपासून | १ सेंमीच्या वर |

१.२ सेंटिमीटरची भरीव, काळसर, गुळगुळीत गाठ घ्या. एटीएच्या तक्त्याने सुई, एसीआरच्या तक्त्याने वर्षभराने सोनोग्राफी. एसीआरने मर्यादा मुद्दामच वर ठेवल्या आहेत: साध्या गाठींना उगाच सुया लागू नयेत, आणि मधल्या आकाराच्या गाठी नजरेखाली राहाव्यात. अशा गाठीत वर्षभर थांबणं आम्हाला रास्त वाटतं, अर्थात माणूस तारीख पाळणारा असेल तर.

एका ठिकाणी मात्र एसीआरची बेरीज सौम्य वाटते. भरीव, काळसर आणि खडबडीत कडेच्या गाठीला दोन, दोन आणि दोन असे सहाच गुण मिळतात आणि ती टीआर-४ मध्ये राहते. एटीए आणि युरोप याच गाठीला सर्वांत संशयास्पद गटात घालतात. अशी गाठ एक सेंटिमीटर ओलांडून गेली असेल तर आमचा कल सुईकडे.

तक्ता बाजूला ठेवावा लागतो तेव्हा

आधी रक्तातला टीएसएच, म्हणजे थायरॉइडला काम करायला लावणारं हार्मोन, पाहावा. तो कमी असेल तर गाठ स्वतःच हार्मोन बनवत असण्याची शक्यता असते, आणि आयसोटोप स्कॅनमध्ये ‘हॉट’ दिसणाऱ्या गाठीत कॅन्सर क्वचितच असतो. तिथे सुईचं कामच नाही. गरोदरपणात हा स्कॅन करत नाहीत, सुई तपासणी मात्र करता येते.

उलट बाजूने, लहानपणी मानेला रेडिएशन मिळालं असेल, घरात मेड्युलरी थायरॉइड कॅन्सरचा इतिहास असेल, आवाज बसलेला असेल, किंवा पेट स्कॅनमध्ये गाठ एकट्याने चमकली असेल, तर नुसत्या गुणांवर विसंबू नये. मानेतली लसिकाग्रंथी गोल, कॅल्शियमचे ठिपके किंवा पाण्याचे कप्पे असलेली दिसली तर थायरॉइडमधली गाठ कितीही छोटी असो, सुई त्या लसिकाग्रंथीत घालावी लागते. म्हणूनच ज्या रिपोर्टमध्ये मानेच्या लसिकाग्रंथींचा उल्लेखच नाही, तो अर्धवट समजावा. लहान मुलांसाठी हे तक्ते बनवलेले नाहीत.

सुईचा रस्ता

सुई साधारण २५ ते २७ गेजची, म्हणजे रक्त काढायच्या नेहमीच्या सुईपेक्षा बारीक. सोनोग्राफीत बघत बघत दोन-तीनदा फिरवतात. थोडं दुखतं, कधी निळं पडतं, मोठी गुंतागुंत क्वचितच होते. रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल तर आधी सांगावं. स्वतःहून ती बंद करू नये.

त्रास सुईपेक्षा उत्तराचा जास्त. उत्तर बेथेस्डाच्या, म्हणजे पेशींच्या अहवालासाठी ठरलेल्या पद्धतीच्या, सहा गटांत येतं. दुसरा गट साधा. तिथे कॅन्सरची शक्यता सुमारे ४ टक्के. पाचव्या गटात ती सुमारे ७४ टक्के, सहाव्यात ९७. पहिला गट म्हणजे पेशी पुरेशा मिळाल्याच नाहीत, सुई पुन्हा. पुरेशा म्हणजे प्रत्येकी निदान दहा पेशी असलेले सहा पुंजके. पाणी भरलेल्या गाठीत हे जास्त घडतं, म्हणून तिथे सुई भरीव भागात जायला हवी.

खरी अडचण तिसऱ्या आणि चौथ्या गटाची. कॅन्सरची शक्यता अनुक्रमे २२ आणि ३० टक्क्यांच्या आसपास, म्हणजे ना धड इकडे ना तिकडे. फॉलिक्युलर प्रकारच्या गाठीत साधी आणि कॅन्सरची यांच्या पेशी सारख्याच दिसतात. गाठीचं आवरण किंवा रक्तवाहिनी भेदली गेली आहे का, हाच फरक, आणि तो पूर्ण गाठ काढून कापल्याशिवाय दिसत नाही. तिसऱ्या गटात पुन्हा सुई, जनुकीय चाचणी किंवा अर्धी थायरॉइड काढणं असे पर्याय राहतात. कमी जोखमीच्या गाठीला निव्वळ मनाच्या समाधानासाठी सुई लावायच्या आधी हे माहीत हवं: समाधान मिळेलच असं नाही, आणि वाट कधी साध्या गाठीच्या ऑपरेशनपर्यंतही जाते.

दुसऱ्या गटाचं उत्तर आलं, पण सोनोग्राफीत गाठ अतिसंशयास्पद होती, तर तिथे थांबू नये. वर्षाच्या आत पुन्हा सोनोग्राफी आणि सुई, असं एटीए सांगते.

देखरेखीचा रस्ता

एसीआरनुसार टीआर-३ साठी १.५ सेंटिमीटरपासून पहिल्या, तिसऱ्या आणि पाचव्या वर्षी सोनोग्राफी. टीआर-४ साठी १ सेंटिमीटरपासून पहिल्या, दुसऱ्या, तिसऱ्या आणि पाचव्या वर्षी. टीआर-५ साठी अर्ध्या सेंटिमीटरपासून पाच वर्षं दरवर्षी.

हा रस्ता फसतो तो मोजमापात. लांबी, रुंदी, उंची यांपैकी निदान दोन मापांत किमान २० टक्के आणि किमान २ मिलिमीटर वाढ, किंवा आकारमानात ५० टक्के वाढ झाली तरच गाठ वाढली म्हणायचं. १४ ची १५ मिलिमीटर झाली तर तो बहुधा हाताचा किंवा मशीनचा फरक. तिन्ही मापं लिहून घ्यावीत, जुनी चित्रं सोबत न्यावीत, शक्यतो त्याच ठिकाणी जावं. साध्या गाठीही वाढतात. नुसत्या वाढीपेक्षा नवे ठिपके किंवा बदललेली कडा जास्त महत्त्वाची.

एक सेंटिमीटरच्या आतली टीआर-५ गाठ सर्वांत अस्वस्थ करते. दक्षिण कोरियात धडधाकट लोकांच्या सोनोग्राफी सर्रास होऊ लागल्यावर १९९३ ते २०११ दरम्यान थायरॉइड कॅन्सरचं निदान सुमारे १५ पट झालं, मृत्यूंचं प्रमाण मात्र जवळपास तेवढंच राहिलं. जपानमध्ये कोबेच्या कुमा हॉस्पिटलने १९९३ पासून एक सेंटिमीटरपर्यंतच्या, सुईने सिद्ध झालेल्या पॅपिलरी कॅन्सरवरही लगेच ऑपरेशन न करता नजर ठेवली. दहा वर्षांत सुमारे ८ टक्के रुग्णांत गाठ ३ मिलिमीटर किंवा जास्त वाढली, सुमारे ४ टक्क्यांत लसिकाग्रंथींत पसरली. गाठ श्वासनलिकेला किंवा आवाजाच्या नसेच्या वाटेला चिकटून असेल, किंवा लसिकाग्रंथी आधीच संशयास्पद असतील, तर त्या रुग्णांना या गटात घेतलं नव्हतं.